चाकं, कुबड्या आणि परवानगीचे अर्ज

आमच्या ग्रुपकडे इतके किस्से कसे साठतात, असं मला लोक विचारतात. उत्तर सोपं आहे. आम्ही सारखे कशाची तरी वाट बघत असतो! लिफ्ट चालू होण्याची, साहेब खाली येण्याची, मागच्या दाराची चावी ज्याच्याकडे आहे तो जेवून येण्याची. बाकीची माणसं जिन्यानं वर जाऊन, काम उरकून घरी पोचलेली असतात, तेव्हा आम्ही खाली व्हरांड्यात एकमेकांची तोंडं बघत बसलेलो असतो. माणसं दोन तास एका जागी बसली की बोलणारच. आणि आमच्यातलं कोणी ना कोणी मागच्या आठवड्यात कुठेतरी अडकलेलं असतंच.

मी मंजिरी. मूळची पुण्याची, बंगळुरात आयटीत नोकरी. सहा वर्षांपूर्वी मणक्याचं दुखणं झालं, पाय गेले आणि व्हीलचेअर आली. दर शनिवारी सकाळी मल्लेश्वरममधल्या एका शाळेच्या तळमजल्यावरच्या वर्गात आम्ही पंधरा-वीस जण जमतो. पत्रं लिहितो, अर्ज करतो, आणि पत्रांनी काही झालं नाही की रस्त्यावर बसतो.

आमची म्होरकी सरोजाक्का. साठीला आलेली, चामराजपेटेत तिचं बायकांचे कपडे शिवायचं दुकान आहे. दीड वर्षाची असताना पोलिओ झाला, तेव्हापासून दोन्ही पायांना लोखंडी पट्ट्यांचे कॅलिपर आणि काखेत दोन कुबड्या. माहेर निपाणीकडचं, त्यामुळे बाई असून "मी येतो, मी सांगतो" असंच बोलते. रघू बँकेत आहे, त्याला जन्मापासून दिसत नाही. जयंतीला ऐकू येत नाही. ती एका शाळेत चित्रकला शिकवते, आणि तिच्या खुणा आम्हाला बोलून दाखवायला तिची धाकटी बहीण सुमा असते. अक्काशी मी मराठीत बोलते, रघूशी हिंदी-इंग्रजीत, पोलिसांशी मोडक्या कन्नडमध्ये आणि जयंतीशी हातांनी. इथे सगळं मराठीतच सांगते.

*

पहिल्या शनिवारी मी गेले तेव्हा मनाची तयारी करून गेले होते. नवीन माणसं मला एकच प्रश्न विचारतात, "काय झालं हो तुम्हाला?" त्याचं तीन वाक्यांचं उत्तर मी पाठ केलेलं होतं.

अक्कानं मला वरून खालपर्यंत बघितलं आणि विचारलं, "तुझ्या हपिसात बाथरूमचं दार किती इंच हाय?"

मी गडबडले. "माहीत नाही."

"म्हंजे? किती वर्षं झाली तिथं?"

"व्हीलचेअरवर आल्यापासून दोन."

"मग दिवसभर करतीस काय?"

मी हळू आवाजात सांगितलं, की मी सकाळी आठपासून संध्याकाळी घरी येईपर्यंत पाणीच पीत नाही. हे मी आईलासुद्धा सांगितलं नव्हतं. कुणी विचारलंच नव्हतं, आणि आपण होऊन सांगण्यासारखं ते वाटलं नव्हतं.

अक्काच्या गळ्यात टेप होती, शिंपीणच ती, ती काढून तिनं माझ्या मांडीवर टाकली. "सोमवारी माप."

दार चोवीस इंच होतं आणि माझी खुर्ची सव्वीस. मी ॲडमिनला दोन ओळींचा मेल टाकला, फक्त हे दोन आकडे. मॅनेजर धावत आला. बिचाऱ्याचा चेहरा पडला होता. "मॅडम, दोन वर्षं तुम्ही बोलला नाहीत, आम्हाला वाटलं तुमचं चालतंय!"

आठ दिवसांत दार रुंद झालं. शनिवारी मी अक्काला पेढे दिले आणि म्हटलं, "अक्का, मला वाटलं होतं आंदोलन म्हणजे घोषणा वगैरे."

"असतंय की ते पण," अक्का म्हणाली. "पण आधी घोटभर पाणी पी. कोरड्या घशानं घोषणा कशा देणार?"

*

बंगळुरात मोर्चाला पोलिसांची परवानगी लागते. तेव्हा आमची मागणी होती की सरकारी कचेऱ्यांमध्ये तळमजल्यावर एक तरी खिडकी ठेवा. अर्ज घेऊन अक्का आणि मी ठरलेल्या चौकीवर गेलो. परवानगीचे कागद घेणारे साहेब कुठे बसतात?

पहिल्या मजल्यावर!

लिफ्ट नाही. हवालदार भला माणूस, म्हणाला, "कागद द्या, मी नेतो." अक्का म्हणाली, "सही त्यांच्यासमोर करायची, असं फॉर्मवर छापलंय." हवालदार वर गेला, खाली आला. परत वर गेला, परत खाली आला. चौथ्या खेपेला त्याच्या मागून साहेबच उतरले. वय झालेलं, गुडघे दुखत असावेत, कठड्याला धरून एकेक पायरी. खाली येऊन खुर्चीत बसले, घाम पुसला, अर्ज उलटापालटा केला.

"मोर्चा कशासाठी?"

अक्कानं जिन्याकडे बोट दाखवलं. "आत्ता तुम्ही खाली उतरला न्हवं? त्यासाठीच."

साहेबांनी वाद न घालता सही केली. मग गुडघा चोळत हवालदाराला म्हणाले, "उद्यापासून माझं टेबल इथं लाव."

मला अजून कुतूहल आहे, ते टेबल आमच्यासाठी खाली आलं की गुडघ्यासाठी!

*

रघूचा किस्सा रघूकडूनच ऐकायला पाहिजे, कारण तो अजिबात न हसता सांगतो.

एका कचेरीशी आमचा दोन वर्षं पत्रव्यवहार चालला होता. रॅम्प द्या, रॅम्प द्या. एके दिवशी चक्क पत्र आलं: रॅम्प तयार आहे, पाहणीस यावे. आम्ही पाच जण नटूनथटून गेलो. उतार अगदी बेताचा, दोन्ही बाजूंना कठडे, नवाकोरा लाल रंग. कचेरीतला क्लार्क अभिमानानं बाजूला उभा. माझे तर डोळे भरून आले.

रघू पांढरी काठी टेकत सगळ्यांच्या पुढे चढत गेला. वर पोचला. काठी डावीकडे ठोकली. भिंत. उजवीकडे ठोकली. भिंत. समोर ठोकली. टणटण आवाज आला.

"सर," रघू तिथूनच म्हणाला, "रॅम्प उत्तम आहे. जातो कुठे?"

समोर लोखंडी दार होतं. दाराला कुलूप, आणि कुलपाला गंज. आत जुन्या फायली छतापर्यंत. क्लार्क जरासुद्धा ओशाळला नाही. म्हणाला, "तुम्ही रॅम्प मागितला होतात. दाराचा अर्ज वेगळा करायचा असतो!"

दाराचा अर्ज आम्ही तिथेच, त्या रॅम्पवर बसून लिहिला. उताराला कागद घसरत होता, म्हणून क्लार्कनंच पॅड आणून दिलं.

*

छोटासा एक. अक्काचं अपंगत्वाचं प्रमाणपत्र नवं करायचं होतं. डॉक्टर नवे, तरुण, फॉर्मवरची एकही चौकट रिकामी न सोडणारे. विचारत विचारत आले. "हे अपंगत्व कायमचं आहे की तात्पुरतं?"

"अठ्ठावन्न वर्षं झाली, डॉक्टर," अक्का म्हणाली. "अजून बघायलोय. बरं वाटलं की कळवतो."

डॉक्टरांनी मान वर न करता "कायमचं"वर खूण केली. मग पेन थांबलं, आणि मग ते एकटेच बराच वेळ हसत बसले.

*

फ्रीडम पार्कमधल्या धरण्याला एकदा अट आली. जवळच परीक्षा चालू होत्या, म्हणून माईक नाही आणि घोषणा नाहीत. गप्प बसणार असाल तर बसा.

आमच्यातले निम्मे वैतागले. गप्प बसलेल्या मोर्चाकडे बघणार कोण? जयंतीनं सुमाकडून सगळं समजून घेतलं आणि तिचा चेहरा उजळला. तिनं खुणेनं सांगितलं, "आज तुम्ही बसा. आज आमचा दिवस आहे."

तिच्या ओळखीतले ऐकू न येणारे वीस-बावीस जण आले. जयंती पुढे उभी राहिली आणि तिनं घोषणा सुरू केल्या. हातांनी! ती एक द्यायची, आणि बावीस जोड्या हात एकदम उत्तर द्यायचे. कोर्टात, दवाखान्यात, पोलीस ठाण्यात दुभाष्या द्या, अशी मागणी होती. हात हवेत आपटत होते, चेहरे लाल झाले होते, कपाळावर घाम. आवाज फक्त बांगड्यांचा. मी असलं काही आयुष्यात पाहिलं नव्हतं. येणारेजाणारे थांबायला लागले. माईक असताना कुणी थांबत नाही!

बंदोबस्ताला एक प्रौढ हवालदार होते. दोन तास ते एकटक बघत होते. शेवटी त्यांनी वहीत नोंद केली आणि नियमाप्रमाणे सुमाला वाचून दाखवली: "धरणे शांततेत पार पडले. घोषणा दिल्या नाहीत."

सुमानं ते जयंतीला सांगितलं मात्र, जयंती भडकली! दोन्ही हात त्यांच्या तोंडासमोर नाचवत तिनं काय काय सुनावलं. सुमा घाबरत घाबरत म्हणाली, "ती म्हणतेय, दोन तास ओरडून ओरडून माझे खांदे भरून आलेत, आणि तुम्ही लिहिता घोषणा दिल्या नाहीत?"

हवालदार विचारात पडले. घोषणा दिल्या असं लिहावं तर अट मोडली. नाही दिल्या असं लिहावं तर ही बाई सोडायची नाही. त्यांनी टोपी काढली, डोकं खाजवलं, आधीची ओळ खोडली आणि नवी लिहिली.

"घोषणा दिल्या. आवाज आला नाही."

*

जयंतीच्या जगात प्रत्येकाला खुणेचं एक नाव असतं. ते आपण घ्यायचं नसतं, ऐकू न येणाऱ्या माणसानं द्यायचं असतं. अक्काचं नाव म्हणजे दोन बोटांची कात्री. रघूचं नाव गालावरची खळी, जी त्यानं स्वतः कधी पाहिलेली नाही आणि जिचा त्याला भलताच अभिमान आहे. माझं नाव काय, हे मला महिनाभर कुणी सांगेना. शेवटी कळलं: कपाळाशी वाकडं केलेलं बोट, तीनदा. म्हणजे "का-का-का". मी सारखे प्रश्न विचारते म्हणून!

एका खात्यात एक अधिकारी होते. स्वभावानं गोड. प्रत्येक वेळी चहा पाजायचे आणि प्रत्येक वेळी म्हणायचे, "उद्या या." जयंतीनं त्यांचं नाव ठेवलं "उद्या". हात पुढे करून वर उचलायचा, की झालं.

एकदा त्यांच्या केबिनमध्ये बसलो असताना त्यांनी ती खूण पकडली. "ही खूण तुम्ही माझ्याकडे बघून सारखी करता. काय अर्थ तिचा?"

मी टेबलावरचा पेपरवेट बघायला लागले. सुमा तेव्हा जेमतेम बावीस वर्षांची, पण डोळ्याची पापणीही न लववता म्हणाली, "सर, ते तुमचं नाव आहे. उगवता सूर्य."

साहेब खूश! त्यांनी स्वतः ती खूण दोन-तीनदा करून पाहिली. पुढच्या बैठकीला आम्ही आत शिरलो, तर ते खुर्चीतून उठले आणि जयंतीकडे बघून, छाती फुगवून, खुणेनं स्वतःची ओळख करून दिली: "उद्या!"

जयंतीनं गंभीर चेहऱ्यानं हात जोडले. सुमाला मात्र बाहेर जावं लागलं.

*

या किश्शात हसू कमी आहे, पण तो वगळला तर रघू रागावेल.

रघू रोज बँकेत चालत जायचा. पंधरा मिनिटांचा रस्ता, पावलं मोजून पाठ. एके दिवशी फुटपाथवरच्या गटाराचं झाकण कुणीतरी काढून ठेवलं होतं. रघू सरळ आत गेला. मनगट मोडलं, हनुवटीला सात टाके पडले. तक्रार घेऊन आम्ही संबंधित इंजिनिअरकडे गेलो, तर ते म्हणाले, "आम्ही बोर्ड लावला होता. 'काम चालू आहे, सावधान.' ठळक अक्षरात."

"माझीच चूक," रघू म्हणाला. "चष्मा घरी राहिला होता."

तिथे आम्ही हसलो. पण त्यानंतर रघू एकटा बाहेर पडेना. हात बरा झाला, तरी बायको स्कूटरवर सोडायची आणि आणायची. शनिवारी यायचा, कोपऱ्यात बसायचा. विनोद नाही, काही नाही. मी विचारलं तर म्हणाला, "मंजिरी, पाय पुढे टाकला की जमीन असेल, याची मला आता खात्रीच वाटत नाही."

अक्कानं त्याला समजावलं नाही. एक दिवस त्याच्या घरी रिक्षानं गेली आणि म्हणाली, "मला रस्त्यापलीकडच्या दुकानातून अस्तराचं कापड आणायचंय. गाड्या भरधाव येतात, मला भरभर ओलांडायला जमत नाही. चल की जरा."

रघू म्हणाला, "अक्का, मी कसा नेणार?"

"तुला दिसत नाही. मला पळता येत नाही. दोघं मिळून एक धड माणूस हुतंय. चल."

पुढचं सगळं मी पलीकडच्या फुटपाथवरून, माझ्या खुर्चीतून बघत होते, कारण कापडाच्या दुकानापाशी अक्कानं मला आधीच आणून ठेवलं होतं. रघूनं एका हातात काठी धरली, दुसरा हात अक्काच्या खांद्यावर ठेवला. अक्का कुबड्यांवर, टक-टक-टक. मधेच एक बस आली तेव्हा रघूनं काठी आडवी करून उंच धरली आणि बस थांबली! दोघं अर्ध्यात उभे राहून कशावरून तरी भांडले, आणि मग पलीकडे पोचले.

सोमवारी रघू चालत बँकेत गेला.

नंतर मी दोघांनाही वेगवेगळं गाठून विचारलं, त्या दिवशी कुणी कुणाला रस्ता ओलांडून दिला?

अक्का म्हणाली, "मीच की! त्याला कुठलं दिसायलंय?"

रघू म्हणाला, "मीच! तिला कुठे पळता येतं?"

*

बसचा किस्सा माझा. आमच्या वाटेवर एक नवी बस सुरू झाली होती, व्हीलचेअर आत जाईल अशी. निदान पाटीवर चित्र होतं. मी रोज सकाळी ऑफिसच्या आधी स्टॉपवर उभी राहायचे, हात करायचे, आणि बस रोज निघून जायची. मग मी रिक्षा करायचे. हा माझा एकटीचा सत्याग्रह तीन आठवडे चालला.

बाविसाव्या दिवशी रघू आणि अक्का सोबतीला आले. बस आली तशी अक्का सरळ तिच्या पुढ्यात जाऊन उभी राहिली. बस थांबली. कंडक्टर डोकं बाहेर काढून म्हणाला, "मॅडम, यात रॅम्प नाहीये."

मी म्हटलं, "तुमच्या पायाखाली आहे."

त्यानं खाली बघितलं. दारातच जमिनीत बसवलेली लोखंडी फळी, तिला कडी. तो बाजूला सरकला, कडी ओढली, आणि फळी उलटून अलगद फुटपाथवर टेकली. तो तिच्याकडे बघतच राहिला. "अय्यो! हे उघडतं? मी सहा महिने यावर उभा राहून तिकिटं देतोय!"

सगळी बस उठून बघायला आली. मागून एक आजोबा "स्वल्प सरका, स्वल्प सरका" करत जागा करायला लागले. मी आत गेले. कंडक्टरनं मोठ्या उत्साहानं मशीन हातात घेतलं. "कुठे जायचंय, मॅडम?"

आणि मला उत्तर सुचेना! इतके दिवस बस निघून जात होती, की आत शिरल्यावर कुठे जायचं याचा मी विचारच केला नव्हता. ही बस माझ्या ऑफिसच्या दिशेला जातसुद्धा नव्हती!

"शेवटचा स्टॉप," मी म्हटलं.

ऑफिसला त्या दिवशी दांडी मारली. खिडकीशी बसून सगळं शहर बघितलं.

*

आता हा शेवटचा.

अपंगत्वाचे दाखले देणारी एक कचेरी अचानक दुसऱ्या मजल्यावर हलवली. लिफ्ट नाही. दाखल्यासाठी माणसाला स्वतः हजर राहावं लागतं, त्यामुळे लोक आपापल्या माणसांना उचलून वर न्यायला लागले. एका आजींना प्लॅस्टिकच्या खुर्चीसकट दोघं जण वर नेत होते. एकाचा पाय चुकला. आजी सात पायऱ्या खाली आल्या, खुबा मोडला.

कचेरी पुढे तीन आठवड्यांत तळमजल्यावर आली, आणि आजी आता वॉकर घेऊन चालतात. हे आधीच सांगून टाकते, कारण किस्सा तो नाहीच.

किस्सा आम्ही त्या कचेरीसमोर रस्त्यात बसलो त्या सकाळचा. परवानगी मागितलीच नव्हती. आम्ही बारा जण, दहाच्या गर्दीला, भर रस्त्यात. पोलीस आले. इन्स्पेक्टर बाई होत्या, नव्यानं बदलून आलेल्या, कडक. त्यांनी तीनदा बजावलं, उठा. आम्ही उठलो नाही. मग व्हॅन आली.

"सगळ्यांना अटक. चला, बसा गाडीत."

रघू पहिला चढला. मागून जयंती, सुमा आणि बाकीचे. आठ जण आत गेले. खाली राहिलो आम्ही तीन व्हीलचेअरवाले, आणि अक्का. व्हॅनच्या मागच्या दाराला तीन उंच पायऱ्या होत्या.

दोन महिला कॉन्स्टेबल अक्काला उचलायला वाकल्या. अक्कानं कुबडी आडवी धरली. ती त्यांच्याशी कन्नडमध्ये बोलत होती, पण मला ती कुठल्याही भाषेत निपाणीचीच ऐकू येते.

"उचलायचं नाही. उचलण्यावरूनच तर बसलोय इथं."

"मग स्वतः चढा," इन्स्पेक्टर म्हणाल्या.

"पायऱ्या हायत."

"मग घरी जा!"

"घरी का म्हणून?" अक्काचा आवाज चढला. "त्या आठ जणांला अटक, आन् आम्ही काय पाहुणे काय? आम्ही बी रस्ता अडवलाय. आम्हालाबी अटक पाहिजे!"

व्हॅनच्या जाळीतून रघू ओरडला, "मॅडम, हा भेदभाव आहे!"

मागे गाड्यांची रांग चौकापर्यंत गेली होती. इन्स्पेक्टर बाजूला जाऊन फोनवर बोलायला लागल्या. "सर, अटक करता येत नाहीये. नाही सर, विरोध करत नाहीयेत. मागे लागलेत, आम्हालाही न्या म्हणून!"

शेवटी एक कॉन्स्टेबल समोरच्या बांधकामावरून दोन लांब फळ्या घेऊन आला. व्हॅनच्या दाराला टेकवल्या, खाली विटांची टेकणं दिली. उतार भीतिदायक होता. आधी आम्ही तिघे गेलो, मागे एकेक कॉन्स्टेबल खुर्चीला नुसता हात लावून. वर पोचून मी मागे वळले.

अक्कानं पहिली कुबडी फळीवर ठेवली. फळी वाकली. तिनं जोर दिला, कॅलिपर खाड्कन वाजला, एक पाय आला. मग दुसरी कुबडी. मग दुसरा पाय. मग थांबून श्वास. मागच्या स्कूटरवाल्यांनी हॉर्न थांबवले होते. कॉन्स्टेबल दोन्ही बाजूंना हात पसरून उभ्या होत्या, पण हात लावत नव्हत्या. चार-पाच मिनिटं लागली असतील. शेवटी अक्कानं दाराची दांडी पकडली आणि आत पाय टाकला.

ती बसली नाही. दांडी धरून वळली. केस सुटले होते, घाम मानेवरून ओघळत होता. तिनं खाली फळ्यांकडे बघितलं.

"मॅडम," ती इन्स्पेक्टरना म्हणाली, आणि तिचा आवाज मी आधी कधी ऐकला नव्हता असा झाला होता. "शाळेच्या टांग्यात बाबानं उचलून बसवलं. लग्नाच्या गाडीत भावानं. बसमध्ये कोण ना कोण बखोट्याला धरून ओढतंय. रिक्षात आधी ढुंगण टाकतो, मग पाय ओढून घेतो. उभ्या जन्मात कुठल्या गाडीत मी असा चालत चढलो नव्हतो."

अक्कानं नाक पुसलं आणि विचारलं, "परत एकदा उतरून चढू काय?"

इन्स्पेक्टरनी घड्याळ बघितलं. चौकापर्यंत गेलेली गाड्यांची रांग बघितली. हातातला फोन वाजत होता, तो बंद करून खिशात टाकला.

"सरी, अक्का, ठीक आहे," त्या म्हणाल्या. "सावकाश."

दोन कॉन्स्टेबलनी फळ्यांवर पाय रोवले, आणि अक्का खाली उतरायला लागली.